मामांचं त्रितय

आमच्या ह्यांच्या मामांइतका संशय उभ्या नाशकात दुसऱ्या कुणी घेऊन दाखवावा, मी त्याच्या घरी वर्षभर पाणी भरीन. तसा संशय सगळेच घेतात. मीही घेते. दूधवाल्याचा घेते, धुणंवालीचा घेते, आमच्या ह्यांचा तर अधूनमधून घ्यावाच लागतो. पण मामांचं तसं किरकोळ काम नाही. एकटा माणूस दिसला तर मामांना काही वाटत नाही. दोघं असली तरी चालतात. चौघं असली तर मामा आपणहून जाऊन नमस्कार करतात आणि पाचवे होऊन गप्पा हाणत बसतात. पण तीन माणसं एका जागी उभी दिसू देत, की मामांची चाल मंदावते, मान तिरपी होते, चष्म्याच्या वरून ते त्या तिघांना एकदा नीट पाहून घेतात आणि माझ्या कानाशी येऊन म्हणतात, "सूनबाई, त्रितय."

हा शब्द लग्न होऊन या घरात येईपर्यंत मी ऐकला नव्हता, आणि तुमच्यापैकीही बऱ्याच जणांनी ऐकला नसेल. मामा मूळचे सायखेड्याचे. इतकी वर्षं शहरात काढली तरी बोलण्यातलं हाय, नाय आणि लय काही सुटलेलं नाही. त्या बोलण्यात मधेच हे 'त्रितय' आलं की नवा माणूस दचकतो आणि मामांना संस्कृत येत असावं असं समजतो. तसं काही नाही. हा शब्द त्यांना गंगेवर सापडला. गोदावरीला आम्ही इथले लोक गंगाच म्हणतो. संध्याकाळी घाटावर प्रवचनाला बसले होते, आणि बुवा गुणत्रितय, अवस्थात्रितय असं काहीसं समजावून सांगत होते. मामांनी गुण तिथेच सोडले, अवस्था तिथेच सोडल्या, तेवढं त्रितय उचललं आणि घरी घेऊन आले. दुसऱ्या दिवशी वाचनालयात जाऊन जाडजूड शब्दकोशात तो खरंच आहे का, याची खात्रीही करून घेतली, कारण बुवांचाही संशय आलाच होता. पुढे एकदा मी मुद्दाम कुरापत काढायची म्हणून तोच कोश उघडून बघितला. त्यात तीन माणसांचा किंवा तीन वस्तूंचा समूह एवढाच अर्थ दिला होता. मी मामांना म्हटलं, "यात संशयाचं कुठे काय लिहिलंय?" तर म्हणाले, "कोश लिहिणारा माणूस खोलीत एकटा बसून लिहितो. त्याला काय म्हाईत?"

आमचे हे एकदा जेवताना म्हणाले, "मामा, सरळ त्रिकूट म्हणा ना. नाहीतर तिकडी म्हणा. एवढा अवघड शब्द कशाला?" मामांनी हातातला घास ताटात ठेवला. "भाचेबुवा, तिकडी म्हंजे टपरीवर उभी राहणारी पोरं. त्यांच्यात काय दम नाय. त्रयी देवादिकांची, तिथं आपण हात जोडायचे. त्रिकूट म्हंजे पकडल्यावर पेपरात छापून येतं ते. आन त्रितय म्हंजे," इथे मामांनी दाराकडे बघून आवाज उतरवला, "जे आजून पकडलं गेलं नाय ते."

यात मामांचा दोष आहे असं मला वाटत नाही, कारण उभ्या नोकरीत त्यांना पगारच संशय घेण्याचा मिळत होता. अंबडच्या एका कारखान्यात ते गेटवर सुरक्षेला होते. येणाऱ्याला कुठे चाललास विचारायचं, जाणाऱ्याचा डबा उघडून बघायचा, हेच काम. एकदा तिथलं पितळी भंगार हळूहळू बाहेर जायला लागलं आणि काही केल्या पत्ता लागेना. मामांनी डोळ्यांत तेल घालून पाळत ठेवली आणि स्टोअरवाला, टेम्पोवाला आणि कँटीनवाला अशा तिघांना एकत्र धरून दिलं. साहेबांनी शाल आणि नारळ दिला. नारळाची बर्फी झाली, शालीला कसर लागली, पण त्यातून निघालेलं तत्त्वज्ञान मात्र टिकलं. "एकट्याला धीर होत नाय," मामा सांगतात, "दोघं वाटणीवरनं भांडतात. तिसरा आला का धंदा सुरळीत चालू." आणि याच तत्त्वाचं एक दुसरं कलमही होतं, ते सांगताना त्यांचा आवाज जरा वेगळाच लागायचा. "तिघांत दोघं हळू बोलत असतील ना, तर ते तिसऱ्याबद्दलच आसतं. आन तो तिसरा नेहमी आपणच आसतो."

मामांबरोबर भाजीला जायचं म्हणजे शिक्षा. एका रविवारी ओळीने बसलेल्या तीन बायकांनी कोथिंबिरीचा एकच भाव सांगितला. झालं, मामांच्या मनात शंकेची पाल चुकचुकली. तिघींपुढे उभे राहून त्यांनी जाब विचारला, एकच भाव कसा? मधली बाई कमरेवर हात ठेवून म्हणाली, "बाबा, आम्ही जावा-जावा हाय. एकाच मळ्यातली कोथमीर, एकाच टेम्पोत आणली. घ्यायची तर घ्या, नायतर पुढं व्हा, लय गिऱ्हाईक हाय मागं." मामा माझ्याकडे वळून म्हणाले, "बघ, कबुली दिली." मग पुढे जाऊन एका एकट्या म्हाताऱ्याकडून त्यांनी निम्मी पिवळी पडलेली जुडी जास्त पैसे देऊन घेतली आणि मामींनी तीन वेळा धुऊन निवडल्यावर मोठ्या समाधानाने तिची चटणी खाल्ली. मिसळ खायला नेलं तरी तीच गत. मिसळ, रस्सा आणि पाव एवढंच पुढे आलं तर हात बांधून बसतात. पापड आला की मग जेवायला सुरुवात.

आमच्या इमारतीचे चेअरमन, सेक्रेटरी आणि खजिनदार तर कायमच मामांच्या रडारवर. एकदा ते तिघं गच्चीवर बोलत उभे असताना मामा पाण्याच्या टाकीमागे दडून बसले आणि त्यांनी सगळं बोलणं ऐकलं. विषय असा होता की मामा हल्ली टाकीमागे का लपतात. खाली येऊन हे मामांनीच आम्हाला सांगितलं, आणि तेही विजयी मुद्रेने. "मी म्हणत नव्हतो? माझ्याबद्दलच बोलत होते."

आता मामांच्या खड्याचं सांगते, कारण पुढचं सगळं त्याच्यावर आहे. तिघांनी मिळून कामाला निघू नये, हे आमच्याकडे पुष्कळ लोक मानतात. स्थळ बघायला, जागेचा व्यवहार करायला, दवाखान्यात, कुठेही तिघं निघाले की वाटेतला एक खडा उचलून खिशात टाकायचा. तो चौथा. झालं, दोष टळला. ताटात तीन पोळ्या वाढत नाहीत, त्यातलाच हा प्रकार. लोक खडा उचलतात, काम झालं की फेकून देतात आणि विसरतात. मामा खड्याला अहोजाहो करतात. "चौथे घेतले का?" असं विचारतात. रिक्षात बसताना खिसा चाचपून चौथ्यांना नीट बसवून घेतात. आणि काम झाल्यावर फेकायचं तर नावच नाही. "कामापुरतं बोलवायचं आन नंतर रस्त्यावर सोडायचं, हे माणुसकीचं नाय," म्हणतात. त्यामुळे मामांच्या घरातल्या खिडक्यांत चौथ्यांची वसाहतच झालीय. एकदा त्यांच्या वॉशिंग मशीनमधून भयंकर खडखडाट यायला लागला. दुरुस्तीवाला आला, त्याने मशीन उघडलं आणि आतून मामांच्या पँटच्या खिशातले चौथे निघाले. मामी हसून हसून भिंतीला टेकल्या. मामांनी ते धुतलेले खडे पंच्याने पुसले आणि खिडकीत ठेवले.

मी असलं काही मानत नाही. हे मी मामांना तोंडावर सांगत आलेय. "मामा, दगडाने कुणाचं कधी काही अडलंय का सुटलंय का?" असं मी म्हटलं की ते खांदे उडवायचे आणि मामी मला डोळ्यांनी गप्प करायच्या. मामा-मामींना मूलबाळ नाही. ते वरच्या मजल्यावर, आम्ही खालच्या. मामांचा संशय साऱ्या जगावर, त्यातून फक्त एक माणूस सुटलेला, मामी. त्यांनी दिलेला चहा मामा न बघता पितात. बाकी माझ्या हातचा चहासुद्धा आधी हुंगतात.

तर मागच्या उन्हाळ्याच्या तोंडाशी एका दुपारी मामी खाली आल्या. माझ्या ओट्याशी उभ्या राहिल्या, भांडी पुसायचं फडकं उगाचच घडी करत राहिल्या आणि म्हणाल्या, "अगं, मला इथं गाठ लागतेय हाताला." मी हात लावून पाहिला. गाठ होती. पण तोंडाने म्हटलं, "काही नसेल हो, दाखवून येऊ." आमचे हे घरातच होते, त्यांना हाक मारली. मामींचं एकच म्हणणं होतं. "ह्यांना एवढ्यात सांगू नका. डॉक्टरवर संशय घेतील, मशीनवर घेतील, आणि रात्ररात्र बसून राहतील. आधी काय आहे ते कळू दे, मग मीच सांगेन." आम्ही तिघं ओट्याशी डोकं लावून कोणत्या डॉक्टरकडे जायचं, कधी जायचं हे ठरवत होतो, आणि मी सहज वळले तर दारात मामा. हातात वाटी, विरजण मागायला आलेले. आम्ही तिघंही एकदम गप्प झालो, आणि तीच चूक झाली. मामांनी आम्हाला तिघांनाही एकेक करून बघितलं. या वेळी ते माझ्या कानाशी आले नाहीत. दारातूनच, सरळ तोंडावर म्हणाले, "त्रितय." आणि विरजण न घेताच वर निघून गेले.

त्यानंतरचा आठवडा विचारू नका. मामींच्या चहाकडेही मामा बघायला लागले. दुपारी जिन्यात चपला काढून उभे राहायचे, म्हणजे पावलं वाजायला नकोत. आमच्या ह्यांना गाठून म्हणाले, "भाचेबुवा, आमच्या फ्लॅटचा हल्ली काय भाव चाललाय? तुम्हाला म्हाईतच आसंल." हे बिचारे त-त-प-प करायला लागले, त्यामुळे तर खात्रीच पटली. मला विचारलं, "सूनबाई, वृद्धाश्रमात चहा दोन वेळा देतात का तीन वेळा?" मी आधी हसले. मग त्यांच्या तोंडाकडे बघितलं. माणूस खरोखर घाबरला होता. जगातला एकच माणूस संशयातून वगळला होता, आणि नेमका तोच आता त्या तिघांत उभा दिसत होता. मी मामींना म्हटलं, "सांगून टाकूया हो." त्या म्हणाल्या, "सोमवारपर्यंत थांब. तपासणी होऊन जाऊ दे."

सोमवारी गाठीचा तुकडा काढून तपासायला द्यायचा होता. मामांना काय सांगायचं? मी म्हटलं, येवल्याला पैठण्या बघायला जातोय. त्यांनी ऐकून घेतलं. "पैठणीला भाचेबुवा कशाला?" एवढंच विचारलं. "गाडी चालवायला," मी म्हटलं. "बरं," म्हणाले आणि पेपर तोंडापुढे धरला. पेपर उलटा होता, पण त्या वेळी माझं लक्ष नव्हतं.

गंगापूर रोडला दवाखान्यात पोचलो. मामींना आत घेतलं. आम्ही दोघं बाहेरच्या बाकावर बसलो. मी देवाचं नाव घेत होते, हे मोबाइल नुसताच चालू-बंद करत होते. समोरच्या रांगेत एक माणूस एवढ्या उकाड्यात माकडटोपी आणि काळा चष्मा घालून बसला होता. मी आधी म्हटलं, असेल कुणी पेशंट. मग त्याची मान तिरपी झाली आणि मी ओळखलं. रिक्षा करून मामा आमच्या मागे आले होते.

ते उठून आमच्यापुढे उभे राहिले. आता दवाखाना डोक्यावर घेणार, अशी माझी तयारी झाली. पण मामा हळूच म्हणाले, "ती कुठंय?"

"आत नेलंय," मी म्हटलं. "गाठ आहे मामा. तपासताहेत. तुम्हाला सांगणारच होतो."

मामांनी चष्मा काढला. भिंतीवरच्या पाटीवर कोणत्या आजाराचा दवाखाना आहे ते लिहिलेलं होतं. ते त्यांनी वाचलं, मग पुन्हा वाचलं. आणि माझ्याकडे वळून विचारलं, "तिघं निघालात ना घरून? चौथे घेतले होते का?"

माझं डोकंच फिरलं. "मामा, ही काय वेळ आहे का हो? आत मामींना सुई टोचताहेत आणि तुम्हाला दगडाचं पडलंय!"

मामांनी मूठ उघडली. तळहाताला घाम आला होता आणि त्यात रस्त्याच्या खोदकामातली खडी होती, एक बारीकसा तुकडा. "गेटपाशी घेतला," म्हणाले. "लय बारका हाय. पण चालतो." तो त्यांनी माझ्या हातात दिला, बाकावर बसले आणि म्हणाले, "खडा तरी कशाला लागला आसता गं? चौथा घरातच बसला होता ना."

आमचे हे उठून पाणी आणायला म्हणून गेले ते लवकर आलेच नाहीत. त्रितयात कट असतो, हे मामांचं म्हणणं अंबडच्या त्या तिघांनंतर पहिल्यांदाच पुरतं खरं ठरलं होतं, आणि मामा टोपीच्या टोकाने डोळे पुसत होते. त्या वेळी मला माझा आणि आमच्या शहाणपणाचा इतका राग आला, की काय सांगू.

थोड्या वेळाने मामी बाहेर आल्या. समोर माकडटोपी बघून जागच्या जागी थांबल्या. मामा उभे राहिले. "पैठणी मिळाली का?" त्यांनी विचारलं. मामी म्हणाल्या, "रंग पसंत पडला नाही. आणि ती टोपी काढा आधी, लोक बघताहेत." मामांनी टोपी काढली, खिशात घातली आणि त्यांचा हात धरला. तो गाडीत बसेपर्यंत सोडला नाही.

पुढे ऑपरेशन झालं, उपचार झाले. मामींचे केस गेले आणि पुन्हा आले, आधीपेक्षा कुरळे. त्या काळात मामांनी डॉक्टरवर संशय घेतला नाही, नर्सवर घेतला नाही, मशीनवर तर नाहीच. सगळ्यांना साहेब-साहेब म्हणत मागे फिरायचे. औषधाची बाटली मात्र हुंगायचे, तेवढी सवय गेली नाही. आणि त्या दिवसापासून आम्ही तिघं माझ्या ओट्याशी बोलत असलो की मामा स्टूल ओढून येऊन बसतात. कान टवकारत नाहीत, मान तिरपी करत नाहीत. 'त्रितय' हा शब्द मी त्यांच्या तोंडून कितीतरी महिन्यांत ऐकलेला नाही. चेअरमन, सेक्रेटरी आणि खजिनदार परवा पार्किंगमध्ये खुशाल कुजबुजत उभे होते, मामा शेजारून नुसते निघून गेले. खरं सांगते, मला चुकल्यासारखं झालं. इतका संशयी माणूस असा सगळ्यांवर विश्वास टाकायला लागला की काळजी वाटते हो. मग मीच त्या तिघांकडे चष्म्याच्या वरून बघून घेतलं.

गेल्या मंगळवारी मामींची पुन्हा तपासणी होती. या वेळी डॉक्टरांनी जरा जास्तच चाचण्या लिहून दिल्या होत्या आणि का, ते नीट सांगितलं नव्हतं. आमचे हे कामाने पुण्याला गेलेले, म्हणून मामा, मामी आणि मी निघालो. मामांच्या एका काखेत फाइल, त्याच हातात पाण्याची बाटली, दुसऱ्या हातात मामींचा हात. गेटशी मी सवयीने थांबले. मामा थांबले नाहीत. मीच म्हटलं, "मामा, चौथे?"

मामांनी खिशाकडे बघितलं. खिसा रिकामा होता. शेजारी बांधकाम चालू आहे, तिथे खडीचा ढीग पडलेला होता, पण वाकायचं म्हणजे मामींचा हात सोडावा लागला असता. "ऱ्हाऊ दे," मामा म्हणाले. "तिघंच हायेत. आपलीच माणसं." आणि मामींना सांभाळून रिक्षात बसवू लागले.

मी असलं काही मानत नाही, हे वर सांगितलंच आहे. मी इकडेतिकडे बघितलं, वॉचमन फोनवर होता, मामांची पाठ होती. चप्पल नीट करायच्या निमित्ताने वाकले, ढिगातला एक चांगला मोठा खडा उचलला आणि पर्समध्ये टाकला. रिक्षात मामींनी माझ्या पर्सकडे एकदा बघितलं आणि माझ्या गुडघ्यावर हात ठेवला.

रिपोर्ट शुक्रवारी मिळणार आहेत. चौथे अजून माझ्या पर्समध्येच आहेत. भाजीवालीला सुटे काढून देताना हाताला लागतात, मी त्यांना पुन्हा तळाशी नीट बसवून ठेवते.